जिंकलीस तर, हरलीस तर

प्रभा मॅडमच्या बास्केटबॉलच्या सरावात एक प्रकार असा होता, की नव्या मुलींना तो सुरुवातीला वेडेपणाच वाटायचा. एका मुलीने कोर्टच्या मधोमध डोळे मिटून उभं राहायचं. बाकीच्यांनी भोवती रिंगण करायचं आणि एकेकीने तिच्याकडे पास टाकायचा. टाकण्याआधी बूट एकदा जमिनीवर आपटायचा, म्हणजे मधलीला दिशा कळावी. बॉल हातात आला की तिने सांगायचं, पास कुणाचा.

पहिल्या वर्षी निदाच्या नाकावर बॉल बसला होता आणि ती तिथेच खाली बसून रडली होती. आता तिसऱ्या वर्षी ती कॉलेजच्या टीमची कॅप्टन होती, आणि पास कुणाचा एवढंच नाही, टाकणारीची तब्येतही सांगायची.

"श्वेता," डोळे न उघडता ती म्हणाली. "आणि बाईसाहेब सकाळपासून उपाशी आहेत."

"काही पण! दोन खबूस रोट्या खाल्ल्यात मी."

"मग झोपली नसशील. बॉल येतोय का टॅक्सीची वाट बघतोय?"

मुली हसल्या. श्वेता टीममधली सगळ्यात उंच आणि सगळ्यात आळशी, त्यामुळे तिच्यावर कुणीही हसू शकायचं. पुढचा पास सणसणत आला आणि निदाच्या तळव्यांवर फाडकन वाजला.

"युसरा. हिचं कुणाशी तरी भांडण झालंय."

"हाउ डू यू नो?" युसरा ओरडली. तिचे आईवडील कैरोचे. मराठी तिला येत नव्हतं, पण आपली थट्टा चाललीय हे कळण्यापुरतं मराठी ती तीन वर्षांत शिकली होती.

प्रभा मॅडम कडेला उभ्या राहून ऐकत असायच्या. सांगलीच्या शाळेत खेळ शिकवता शिकवता त्या कुवेतला आल्या आणि इथेच केस पांढरे झाले. मुलींना ओरडून शिकवणं त्यांना कधी जमलं नाही. एकच गोष्ट त्या दर वर्षी, दर टीमला, न कंटाळता सांगायच्या: "तोंडाने माणूस हवं ते बोलतो. हाताचं तसं नसतं. तळव्यावर बॉल कसा आला ते ऐकायला शिका, समोरच्याच्या मनात काय आहे ते कळेल. आणि हळू पास टाकायचा नाही. हळू पास टाकणं म्हणजे समोरचीला कच्ची समजणं."

या शिकवण्याचा पुढे त्यांना स्वतःला किती त्रास होणार होता, हे त्यांना कुठून ठाऊक असणार.

कॉलेजांच्या मुलींची स्पर्धा थंडीत सुरू व्हायची आणि रमजानच्या आधी फायनल व्हायची. सामने बंद हॉलमध्ये, बघायला फक्त बायका. त्यात एक बाई ठरलेल्या. निदाची अम्मी, खैरुन्निसा. खैतानहून दोन बस बदलून यायच्या, पहिल्या रांगेत बसायच्या आणि मांडीवर स्टीलचा डबा ठेवायच्या. डब्यात सोललेल्या संत्र्याच्या फोडी, वर मीठ आणि तिखट. मध्यंतर झालं की डबा आधी आपल्या मुलींकडे आणि मग समोरच्या टीमकडे.

समोरच्या एका टीममध्ये नूरी होती. निदाच्या घरच्यांसारखी दापोलीकडचीच, खाडीपलीकडच्या गावची. निदाच्या मागे लागली की तिच्या बरगड्यांत कोपर घातल्याशिवाय राहायची नाही. "चल गो खैतानची राणी, बाजूला हो," असं कानात म्हणायची ते वेगळंच. खैरुन्निसांनी एकदा डबा तिच्यासमोर धरला आणि म्हणाल्या, "हिला दोन फोडी जास्त घेऊ द्या. कोपर मारून मारून दमली असेल पोर." नूरी लाजली, फोडी खाल्ल्या आणि पुढच्या भागात पुन्हा कोपर मारलं. निदाला ते आवडायचं. कोपर मारते म्हणजे घाबरते, असं ती म्हणायची.

डिसेंबरमध्ये खैरुन्निसा गावी गेल्या. गुडघ्याचं ऑपरेशन करायचं होतं. धाकटी रिदा बारावी होऊन घरीच होती, ती सोबत गेली. पहिल्या रांगेतली खुर्ची रिकामी झाली.

जानेवारीत निदाचे अब्बा, अशरफ, पंधरा दिवस गावी जाऊन आले. आल्यानंतर एका संध्याकाळी ते हॉलच्या बाहेर गाडी लावून उभे राहिले. अर्दियातल्या स्पेअर पार्टच्या गोदामात ते काम करायचे, कपड्यांना कायम ग्रीसचा वास. निदा आत कपडे बदलत होती.

"मॅडम, तुमच्याशी बोलायचं होतं. निदा यायच्या आत."

"बोला ना, अशरफभाई. कसा आहे गुडघा?"

"गुडघा नाहीच हो." त्यांनी चावी एका हातातून दुसऱ्या हातात घेतली. "पोटात आहे. यकृतापर्यंत गेलंय. मुंबईच्या डॉक्टरने घरी न्या म्हणून सांगितलं."

वारा सुटला होता आणि पार्किंगमध्ये रिकामे प्लास्टिकचे ग्लास घरंगळत होते.

"निदाला?"

"नाही सांगायचं. तेच सांगायला आलो. खैरूने मला कसम घातलीय. पोरीचं हे शेवटचं वर्ष, कॅप्टन आहे, तिचा सीझन मोडू नका म्हणते. फायनल झाली की मी स्वतः तिला घेऊन जातो."

"पण अशरफभाई, तोपर्यंत..."

"तोपर्यंत आहे ती. डॉक्टर म्हणाला, दोन-तीन महिने सहज. मॅडम, माझा बाप जहाजावर होता. आमच्या खाडीतले निम्मे पुरुष जहाजावरच असायचे. माझी आजी वारली तेव्हा बापाला कळवलंच नाही. मधल्या दर्यात त्या माणसाने काय करायचं? उडी मारायची? आठ महिन्यांनी उतरला तेव्हा बंदरावर मामाने सांगितलं. आमच्यात तसंच चालतं. माणूस पाण्यापलीकडे आहे तोवर वाईट खबर त्याच्याकडे धाडत नाहीत."

प्रभा मॅडमना ते परकं वाटलं नाही. त्या कुवेतला आल्या त्याच वर्षी त्यांचे वडील सांगलीला वारले होते. भावाने तेरावं उरकल्यावर फोन केला. नोकरी नवी, रजा मिळाली नसती, उगाच जीव घोटाळला असता. भावाने केलं ते बरंच केलं, असं त्यांनी तेव्हा सगळ्यांना सांगितलं होतं, आणि इतक्या वर्षांत ते पुन्हा तपासून बघायची वेळ आली नव्हती.

"बरं," त्या म्हणाल्या. "माझ्याकडून कळणार नाही."

तेवढ्यात निदा ओले केस पुसत बाहेर आली. "अब्बा, मॅडमकडे माझी चुगली करताय ना? मॅडम, हे सांगतात ना तुम्हाला, मी भांडी घासत नाही म्हणून?"

"घासतेस कुठे?" अशरफ म्हणाले, आणि हसले. ते हसणं इतकं नेहमीसारखं होतं, की प्रभा मॅडमनी नजर दुसरीकडे वळवली.

अम्मीचा आवाज निदाला रोज नाही, पण दोन-चार दिवसांनी मिळत होता. अम्मी आता थेट फोनवर येत नव्हती. गावात नेटवर्क नाही, वर ती माडीवरून खाली उतरू शकत नाही, असं रिदा सांगायची. त्याऐवजी व्हॉइस मेसेज यायचे. निदा ते सरावाआधी बाकावर बसून मोठ्याने लावायची, सगळ्यांना ऐकू जाईल असे.

"निदू, जेवलीस का? फ्रीजमधलं कालवण गरम करून खा, थंड खाऊ नकोस. आपल्या कलमांना यंदा मोहोर काय आलाय सांगू, पान दिसत नाही. खेळ नीट. पडू नकोस."

फेब्रुवारी उजाडला तेव्हा एका संध्याकाळी निदा फोन बंद करत हसली. "मॅडम, अम्मी म्हातारी झाली बघा. मागच्या महिन्यात पण मोहोर आला म्हणाली, आज पण मोहोरच आलाय. इकडे रिदाने फोटो पाठवलाय, सुपारीएवढ्या कैऱ्या धरल्यात."

"असेल उशिराचा मोहोर," प्रभा मॅडम म्हणाल्या.

म्हणाल्या खऱ्या, पण त्यांना लख्ख कळलं. हे मेसेज आजचे नव्हतेच. खैरुन्निसांना बोलता येत होतं तेव्हा, मोहोराच्या दिवसांत, त्यांनी एकापाठोपाठ एक बोलून ठेवले होते, आणि रिदा ते हप्त्याहप्त्याने सोडत होती. निदाने मोहोर ऐकला होता, कैऱ्या पाहिल्या होत्या, आणि तरी हसून फोन पिशवीत टाकला होता. तीही पुढचा प्रश्न विचारायला घाबरत असेल का? प्रभा मॅडमनी तो विचार तिथेच सोडून शिट्टी वाजवली.

गोष्ट झाकून राहते ती फक्त ज्याच्यापासून झाकायची त्याच्यापुरती. खैतानच्या त्या इमारतीत सगळे रत्नागिरी-रायगडकडचे. जिन्यात कुजबुज सुरू झाली, ती श्वेताच्या आईपर्यंत अब्बासियात पोचली आणि श्वेता डोळे लाल करून मॅडमकडे आली. लपवून उपयोग नव्हता. निदा वर्गात असताना मॅडमनी बाकीच्या मुलींना एकत्र बसवलं, खरं काय ते सांगितलं आणि शेवटी म्हणाल्या, "तिला कळता कामा नये. फायनलपर्यंत तिला सांभाळून घ्या."

सांभाळून घ्या. एवढे दोन शब्द. इतकी वर्षं शिकवून त्यांना माहीत असायला हवं होतं, की आपण जे सांगतो ते मुली शब्दशः करतात.

सेमीफायनल गुरुवारी होती. मंगळवारी दुपारी रिदाचा मेसेज आला, निदाला नाही, थेट प्रभा मॅडमना. तो बोलण्याचा नव्हता, लिहिलेला होता. "मॅडम, अम्मी आता थोडंच बोलते. सकाळी दोनदा निदूला हाक मारली. अब्बा ऐकत नाहीत. तुम्ही तिला पाठवा प्लीज."

प्रभा मॅडमनी रिकामा तास बघितला नाही की रजा विचारली नाही. टॅक्सी केली आणि अर्दिया गाठलं. गोदामाच्या शटरपाशी अशरफ खोकी मोजून घेत होते. मॅडमना बघून त्यांचा चेहरा पडला.

"गेली?"

"नाही, नाही. तसं काही नाही. रिदाचा मेसेज आलाय." त्यांनी फोन पुढे धरला.

अशरफनी वाचलं. मग खोक्यावर बसले. इतका वेळ आवरून धरलेलं सगळं त्यांच्या खांद्यांतून खाली उतरल्यासारखं झालं.

"तिला सांगू या, अशरफभाई. आजच. तुम्हीसुद्धा जा. तुम्ही इथे कशाला थांबलाय?"

"मी गेलो तर निदाला संशय येईल, म्हणून थांबलोय." हे म्हणताना ते रडत नव्हते, त्यामुळे ऐकायला जास्त कठीण गेलं. "मॅडम, बायको तिकडे एकटी आहे आणि मी इकडे पोरीसमोर हसत बसतो. हे काय मला कळत नाही? पण तिने कसम घातलीय. तिने एवढी एकच गोष्ट मागितली. गुरुवार होऊ दे. गुरुवारी जिंकल्या तर ते मी खैरूच्या कानात सांगेन, फायनलची वाट नाही बघायची. शुक्रवारी मी पोरीला घेऊन निघतो. दोन दिवस, मॅडम. दोन दिवसांनी काय होतंय?"

प्रभा मॅडमनी नाही म्हणायला हवं होतं. टॅक्सीत येताना त्यांनी ते ठरवलंही होतं. पण समोर खोक्यावर बसलेला माणूस, त्याच्या बायकोची शेवटची इच्छा, आणि आपण कोण बाहेरच्या... त्यांनी मान हलवली. "गुरुवार. सामना संपला की मी स्वतः सांगेन."

परतताना रस्त्यावर धूळ इतकी होती, की भर दुपारी गाड्यांचे दिवे लागले होते. रिदाला काय उत्तर द्यायचं, हे त्यांना घरी पोचेपर्यंत सुचलं नाही. शेवटी लिहिलं: "बेटा, शुक्रवारी." रिदाने वाचलं. उत्तर आलं नाही.

सेमीफायनल नूरीच्या टीमशी होती. हॉल भरला होता. पहिल्या रांगेतली ती खुर्ची रिकामी होती. बायका त्या खुर्चीवर बसत नव्हत्या, आणि ते प्रभा मॅडमना दिसलं.

सामना सुरू झाला आणि निदाने एकामागून एक बास्केट टाकायला सुरुवात केली. तिच्याकडे बॉल येतच होता. श्वेताला मोकळी जागा मिळाली की तिने निदाकडे द्यायचा, युसरा बास्केटच्या अगदी खाली असली तरी तिनेही वळून निदाकडेच द्यायचा. बायका टाळ्या वाजवत होत्या. निदाचा चेहरा मात्र हळूहळू बदलत गेला. आधी ती खूश दिसली, मग गोंधळली, मग चिडली.

"अगं, तू टाक ना!" ती श्वेतावर ओरडली. "रिंग डोक्यावर आहे तुझ्या, मला कशाला देतेस?"

श्वेताने मान खाली घातली. पुढचा बॉलही निदाकडेच आला. हलका, उचलून हातात ठेवावा तसा.

मध्यंतरात निदा मॅडमसमोर येऊन उभी राहिली. "मॅडम, मी दोन पास सोडले, एक चुकीचा टाकला. तुम्ही काहीच बोलला नाहीत."

"चांगली खेळतेयस."

"नाही खेळत चांगली. मला कळतं." शिट्टी झाली आणि ती आत गेली.

तिसऱ्या भागात बॉल घेऊन ती नूरीच्या समोर आली. नेहमीची जागा, नेहमीची वाट. निदाने खांदा खाली घातला, बरगड्या आवळल्या, कोपर येणार म्हणून तयार झाली. कोपर आलंच नाही. नूरी एक पाऊल मागे सरकली आणि वाट सोडून उभी राहिली.

निदा थांबली. बास्केट समोर होतं, मध्ये कुणी नव्हतं. तिने बॉल दोन्ही हातांत धरला आणि ड्रिबल करायचं सोडून दिलं.

"मार ना," ती म्हणाली. "का नाही मारलंस?"

"खेळ गो," नूरी पुटपुटली.

"मार कोपर! तू का बाजूला झालीस?"

नूरीच्या डोळ्यांत पाणी आलं. तिकडे रेफ्रीने शिट्टी फुंकली, बॉल समोरच्यांना दिल्याची खूण केली. निदाने बॉल दिला नाही. तो पोटाशी धरून ती कोर्टमधून चालत थेट प्रभा मॅडमसमोर आली. हॉलमध्ये सगळे गप्प झाले होते, म्हणून तिचा आवाज मोठा नसतानाही शेवटच्या रांगेपर्यंत गेला.

"मॅडम, अम्मीला काय झालंय?"

प्रभा मॅडमनी तिचा हात धरून तिला बाकावर बसवलं आणि स्वतः तिच्यासमोर गुडघ्यांवर बसल्या. लहान मुलांना काही समजावून सांगायचं असलं की त्या अशाच बसायच्या. मग त्यांनी सांगितलं. आडवळण घेतलं नाही. पोटातलं, मुंबईच्या डॉक्टरचं, मेसेज आधीच बोलून ठेवल्याचं, सगळं.

"कधीपासून?"

"डिसेंबरपासून."

"तुम्हाला कधी कळलं?"

"जानेवारीत."

निदाने टीमकडे बघितलं. श्वेता रडत होती. युसरा भिंतीकडे तोंड करून उभी होती. तिने समोरच्या टीमकडे बघितलं, मग प्रेक्षकांतल्या बायकांकडे, मग त्या रिकाम्या खुर्चीकडे.

"म्हणजे एवढे दिवस," ती म्हणाली, "मी एकटीच खरी खेळत होते."

कपडे बदलायच्या खोलीत तिने रिदाला फोन लावला. प्रभा मॅडम दाराशी उभ्या होत्या. रिदा तिकडून सांगत होती, की अम्मी कालपर्यंत बोलत होती गो, काल संध्याकाळपासून बंद झाली. डोळे उघडत नाही. तरी कानाला लावते, तू बोल. निदा बोलली. खेळाचे बूट पायात, गुडघ्यांवर धुळीचे डाग, फोन दोन्ही हातांनी कानाशी दाबून ती बराच वेळ बोलत होती. काय बोलली ते प्रभा मॅडमनी ऐकलं नाही, कारण त्या बाहेर गेल्या. पलीकडून काही शब्द आला नाही, फक्त ऑक्सिजनच्या नळीची घरघर येत होती, हे निदाने नंतर कधीतरी सांगितलं.

मंगळवार, बुधवार. ते दोन दिवस खैरुन्निसा बोलत होत्या.

बाप-लेक त्याच संध्याकाळच्या विमानाने निघाले. विमान वेळेवर उतरलं, गाडी तयार होती, रस्ताही मोकळा मिळाला. माणगाव मागे पडलं आणि रिदाचा फोन आला. अशरफनी तो स्पीकरवर घेतला नाही. निदाने ड्रायव्हरला गाडी बाजूला घ्यायला सांगितली.

इकडे ती सेमीफायनल टीमने जिंकली. नूरीच्या टीममधल्या कुणालाच त्यानंतर खेळावंसं वाटलं नाही. फायनलमध्ये प्रभा मॅडमच्या मुली वाईट हरल्या, इतक्या की शेवटी शेवटी बोर्डकडे बघायचंही त्यांनी सोडलं. हरल्याचं दुःख करण्याएवढी कुणाला उसंत नव्हती. मुली गुपचूप आपापल्या बसमध्ये जाऊन बसल्या. मॅडम हॉलमध्ये एकट्याच खुर्च्या लावत राहिल्या, आणि पहिल्या रांगेतल्या एका खुर्चीपाशी आल्यावर तिला कुठे ठेवावं हे त्यांना ठरवता येईना.

रमजान अर्धा झाल्यावर निदा परत आली. परीक्षा होत्या. एका दुपारी ती हॉलवर आली. सराव नव्हता, पण तिला माहीत होतं की मॅडम असतील. ती बारीक झाली होती. तिच्या मागून अशरफ आले आणि दाराशीच थांबले, आत येऊ की नको अशा बेताने.

"मॅडम," निदा म्हणाली, "एक पास द्या." आणि कोर्टच्या मधोमध जाऊन तिने डोळे मिटले.

प्रभा मॅडमनी बॉल उचलला. बूट आपटला. पास टाकला.

निदाने झेलला. थोडा वेळ बॉल तसाच हातात धरून ठेवला. "घाबरलाय," ती म्हणाली, आणि डोळे उघडले. रागाने नाही. एखादीचं उत्तर तपासून खाली शेरा द्यावा तसं.

"हो," प्रभा मॅडम म्हणाल्या. "मी चुकले, निदा. मंगळवारी रिदाने मला लिहिलं होतं. मी तुला तेव्हाच सांगायला हवं होतं."

"रिदाने सांगितलं मला."

एवढंच. तिने माफ केलं की नाही, ते तिच्या चेहऱ्यावरून कळत नव्हतं, आणि प्रभा मॅडमनी विचारलं नाही. शिकवणाऱ्याने विचारू नयेत असे काही प्रश्न असतात.

तेव्हा अशरफ पुढे आले. हातात फोन होता, पण दोन्ही हातांनी धरलेला, भांडं भरलेलं असावं तसा. "मॅडम, तुमच्यासमोरच देतो. एकट्याने द्यायला माझ्याच्याने होत नाही." ते मुलीकडे वळले. "निदू, अम्मीचे दोन मेसेज राहिलेत. फायनलसाठी बोललेली. एक जिंकलीस तर लावायचा, एक हरलीस तर. तू फायनल खेळलीच नाहीस, म्हणून मला कळेना, कुठला द्यायचा. दोन्ही ठेवून दिलेत."

निदा फोनकडे बघत राहिली. पडद्यावर खालीवर दोन पट्ट्या होत्या, न ऐकलेल्या.

"तिसरा नाही?"

"तिसरा कुठला?"

"मला कळल्यावरचा." तिचा आवाज अगदी साधा होता, वर्गात शंका विचारावी तसा. "मी जिंकले तर काय बोलायचं ते तिने ठरवलं होतं. हरले तर काय तेही. मला खरं कळलं तर काय बोलायचं, ते नाही बोलून ठेवलं?"

जानेवारीत त्या माडीवर, पलंगाशेजारी बसून, फोन धरून अशरफच तर होते. प्रत्येक मेसेजला, आता कशाचा बोलूया, असं तेच विचारत होते. हा एक त्यांना सुचला नव्हता. खैरुन्निसांना सुचला असेल, तर त्यांनी नवऱ्याचा चेहरा बघून तो गिळला असेल. हे आता कुणालाच कळणार नव्हतं.

"नाही, बेटा," अशरफ म्हणाले.

निदाने मान हलवली. फोन घेतला, पण लावला नाही. काळजीपूर्वक पिशवीच्या आतल्या कप्प्यात ठेवला आणि चेन ओढली. मग बॉल उचलून प्रभा मॅडमच्या हातात दिला, कोर्टच्या मधोमध गेली आणि पुन्हा डोळे मिटले.

"जोरात टाका, मॅडम," ती म्हणाली.